फौजदाराची नखं

४ जानेवारी

ती. आजोबांस,
शि. सा. न.

तुमचे ऑपरेशनचे टाके सुकले हे आत्याच्या चिठ्ठीवरून कळलं. घरी सगळं ठीक, एक सोडून. आपल्या काकाकुव्याची, फौजदाराची, नखं गळासारखी वाकली आहेत. काल टॉवेलात अडकून लोंबकळला आणि सारी गल्ली गोळा केली.

तुमच्यापासून लपवणं मला जमत नाही, म्हणून लिहिते. तुम्हाला आता रक्त पातळ करायचं औषध आहे. फौजदार खांद्यावर बसला आणि ओरखडा उठला तर रक्त लवकर थांबणार नाही, असं आत्या म्हणते. तुम्ही यायच्या आत नखं बोथट झाली नाहीत तर ती त्याला ओळखीच्या पक्षीवाल्याकडे देणार. दवाखान्यात एकदा कापून भागायचं नाही, घरात कोणाला तरी ते जमायला हवं, हेही तिचंच म्हणणं. ती नर्स आहे, तिला चूक कशी म्हणू? पण ‘कोणाला तरी’ म्हणजे मीच उरते.

जनावरांच्या डॉक्टरांनी दाखवलंय. टॉवेलात गुंडाळायचं, पण छाती दाबायची नाही, नाहीतर त्याला श्वास घेता येत नाही. नखाचं नुसतं टोक काढायचं, कारण आत रक्तवाहिनी असते. त्याची नखं काळी, ती दिसतच नाही. नेलकटर उचलते आणि ठेवते.

लोभ आहेच, धीर तेवढा पाठवा.

तुमची नात

९ जानेवारी

चि. भागूबाईंस,
अ. आ.

तुझी पहिली शाळा म्हणजे माझा सुतारखाना. तिथेही पेन्सिलीला टोक काढायला तू परवानगी मागायचीस. एका हाताने धर, दुसऱ्याने काप आणि मोकळी हो. तू फार विचार केलास तर तोही करू लागेल.

इथे आत्याकडे जेवणात मीठ नाही आणि खांद्यावर कोणी नाही. मिठावाचून राहीन मी.

आजोबा

२६ जानेवारी

ती. आजोबांस,
शि. सा. न.

तुमचं ऐकलं आणि फसले. नखातून रक्त आलं. कॉर्नफ्लोअर जवळ ठेवलं होतं, ते दाबून धरलं तेव्हा थांबलं. त्याने माझा अंगठा फोडला, तो त्याचा हक्कच होता. आत्याला लगेच कळवलं. तिचं एका ओळीचं उत्तर आलं, पक्षीवाला तयार आहे.

रडण्यापेक्षा बरं म्हणून त्याने कुरतडलेली खुर्ची घासायला बसले. पॉलिशपेपरची खसखस सुरू झाली आणि फौजदार आपणहून खाली उतरला. पिल्लू असताना तो तुमच्या सुतारखान्यात याच आवाजावर डुलक्या घ्यायचा. त्याने माझ्या हाताजवळच्या लाकडी ठोकळ्यावर पाय ठेवला. मी पेपर हलकेच नखाच्या टोकावर फिरवला. त्याने तुरा पाडला, डोळे मिटले. तेव्हापासून रोज थोडं थोडं घासते, टोक गोल झालं की थांबते. दुखरं नख बरं होईपर्यंत त्याला हात लावला नाही. काल तर दुसरा पाय पुढे करून माझ्यावरच खेकसला.

रविवारी आत्याला तपासायला बोलावलंय. तुम्ही मध्ये पडू नका.

माया करता तशीच करत राहा.

तुमची नात

२ फेब्रुवारी

चि. उस्तादांस,
अ. आ.

आत्या तिकडून आली ती तडक माझ्या खोलीत. पिशवीतून पाण्याने टम्म फुगलेला रबरी हातमोजा काढला आणि माझ्यापुढच्या ताटात ठेवला. म्हणाली, तुमच्या मनगटाच्या कातडीहून हा पातळ आहे. यावर फौजदाराला उभा केला, चालवला, शेवटी मुद्दाम दचकवलासुद्धा. त्याने पंजे आवळले. थेंब गळला नाही.

एवढं बोलून ती बॅग भरायला लागली. पक्षीवाल्याची नाही, माझी. घड्या घालता घालता पुटपुटली, ही पोर माझ्या वॉर्डात हवी होती. तिच्या तोंडून कौतुक ऐकायला मला म्हातारं व्हावं लागलं.

‘काप आणि मोकळी हो’ हे मी मागे घेतो. शनिवारी येतो. तोवर हातमोजा उशाशी ठेवलाय, येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवतो.

आजोबा

ता. क. औषधामुळे आत्या मला कात्रीला हात लावू देत नाही, माझीही नखं वाढलीत. फौजदारानंतर माझा नंबर धर.