लायडनच्या घराची आणि माझ्या शुद्धीची व्यवस्था

मी, वोल्टर हाखेडोर्न, वय अठ्ठ्याहत्तर, राहणार लायडन, पूर्वी विद्यापीठात आंतरराष्ट्रीय संबंधांचा प्राध्यापक, नंतर हेगच्या संसदेत खासदार आणि आता कोणीच नाही, हे मृत्युपत्र राजीखुशीने, कोणाच्या दडपणाखाली न येता, पूर्ण शुद्धीत लिहून ठेवतो. 'पूर्ण शुद्धीत' हे शब्द नोटरी श्रीमती फेल्टकाम्प यांनी माझ्याकडून पुन्हा वाचून घेतले, कारण भानगड नेमकी तिथेच आहे. माझा मुलगा रुर्ड याने कोर्टात अर्ज दिला आहे की वडिलांचं डोकं ठिकाणावर नाही, त्यांच्यावर देखरेख नेमावी आणि त्यांना वृद्धाश्रमात हलवावं. अर्ज मंजूर झाला तर हे घर मला जिवंतपणीच सोडावं लागेल. मला ते सोडायचं नाही. माझी बायको यान्तिने इथेच गेली, मलाही इथूनच जायचं आहे.

रुर्डचं म्हणणं अगदीच खोटं आहे का, तेही मला कळत नाही. मागच्या महिन्यात मी गाडी पकडून हेगला मतदानाला गेलो. खासदारकी सुटून कितीतरी वर्षं झाली! त्यात संसदेची जुनी इमारत दुरुस्तीला काढलेली, सगळे दुसरीकडे बसतात. मी आपला कुंपणाशी उभा. एका गवंड्याने विचारलं, "आजोबा, कोणाला शोधताय?" मी म्हटलं, "माझ्या पक्षाला." तो हसला. मीही हसलो, का ते माहीत नाही.

कलम १. माझी सायकल शेजारच्या दिनेके प्लाखमान हिला द्यायची होती. पण ती या मृत्युपत्राची साक्षीदार आहे, आणि साक्षीदाराला यातून काहीही घेता येत नाही, असं नोटरीबाई म्हणाल्या. दिनेके म्हणाली, "मरू दे ती सायकल, चेन तरी कुठे धड आहे तिची!" तरी सायकल जो पहिला मागेल त्याची.

कलम २. पुस्तकं. ग्रंथालयाने नम्रपणे नको म्हटलं आहे. त्यांत वाटाघाटींवरचं माझं स्वतःचं जाडजूड पुस्तकही आहे. यान्तिने म्हणायची, "वोल्टर, तुझं पुस्तक 'एकीकडे' म्हणून सुरू होतं आणि 'दुसरीकडे' म्हणून संपतं. मधे माणसाने काय करायचं?" मला तेव्हाही सांगता आलं नाही. पुस्तकं कपाटासकट न्यावीत.

कलम ३. पक्षाचे तेव्हाचे गटनेते हाउब क्वास्ट यांना माझ्याकडून काहीही मिळणार नाही. आमच्या सभागृहात गटनेता एक हात वर करतो आणि अख्ख्या गटाची मतं मोजली जातात. परदेशात सैन्य पाठवायच्या ठरावावर क्वास्टने हात वर केला, आणि मागच्या बाकावरून मी ओरडलो, "मला वगळा!" बाहेर कॉफीच्या यंत्रापाशी तो म्हणाला, "प्राध्यापक, हा तुमचा वर्ग नाही." मी पक्ष सोडला. ठराव चूक होता की बरोबर, ते अजून ठरत नाही. क्वास्ट मात्र उद्धट होता, त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

कलम ४. बँकेतली शिल्लक समुद्रात बुडणाऱ्यांना वाचवायला जाणाऱ्या बोटवाल्यांना द्यावी. अंत्यविधीला आलेल्यांना कॉफीबरोबर केकचे दोन-दोन तुकडे द्यावेत. पाहुण्याला एकच देऊन डबा बंद करायची आमच्याकडची रीत पाळू नये. आयुष्यभर पाहिलंय ते, पुरे झालं.

कलम ५. हे घर माझी मुलगी माख्टेल्ट हिला. का, ते सांगतो. आमच्याकडे खासदारकीची जागा पक्षाची नसते, माणसाची असते. पक्ष सोडला तरी जागा ठेवता येते. खासदारकीचा राजीनामा दिला असता तर पक्षाच्या उमेदवार-यादीतलं पुढचं नाव आत गेलं असतं, आणि पुढचं नाव माख्टेल्टचं होतं. पोरीने पावसापाण्यात दारोदार फिरून मतं मागितली होती. मी जागा ठेवली. कायदा माझ्या बाजूने होता, मी तो वर्गात शिकवलाही होता. मग ती माझ्याशी बोलायची का थांबली? देशांच्या मनातलं ओळखणं हा माझा धंदा, आणि पोटच्या मुलीचं मन काही कळलं नाही. घर दिलं की फिटेल असं वाटतं. फिटेल का?

इथवर लिहून झालं आणि दुसऱ्या साक्षीदाराचा, माझ्या जुन्या सहकाऱ्याचा, फोन आला. कोर्टाचं प्रकरण आहे म्हणून त्याला सही नको. रुर्डच्या अर्जामुळे नोटरीबाईंना दोन साक्षीदार हवेतच. मी डोक्याला हात लावून बसलो. तेवढ्यात माख्टेल्ट आली. नोटरीबाईंनी तिला पत्र पाठवलं होतं म्हणे. तिने कोट न काढता वरचं सगळं वाचलं.

"दुसरी सही मी करते," ती म्हणाली.

नोटरीबाई म्हणाल्या, "मग घर तुम्हाला मिळणार नाही."

"ठाऊक आहे. रुर्डच्या नावे लिहा. अट एकच, बाबा मरेपर्यंत इथेच राहणार."

मी ओरडलो, "अगं, तो मला वेडा ठरवतोय आणि त्यालाच घर? डोकं फिरलंय का तुझं?"

"ठरवू दे की! बाबा वेडा ठरला तर हा कागद रद्द. मग कायद्याने घरात माझाही अर्धा वाटा, आणि तो मी सोडणार नाही. बाबा शहाणा ठरला तर अख्खं घर त्याचं. उद्या सकाळी अर्ज मागे घेईल बघ."

मला हे तिने तिसऱ्यांदा सांगितल्यावर कळलं. अरे देवा, जन्मभर मी हेच तर शिकवत होतो!

"पण यात तुला काय मिळालं?" मी विचारलं. "त्या जागेचा राग गेला का तुझा?"

"नाही गेला. तो वेगळा. सही कुठे करू?"

म्हणून कलम ५ रद्द. घर रुर्डला, वरील अटीवर. मी आनंदात आहे की लाजेत, ते नक्की सांगता येत नाही. रडू मात्र येतंय, तेवढं लिहून ठेवतो.

लायडन, १४ नोव्हेंबर २०२३

(सही) वोल्टर हाखेडोर्न

साक्षीदार पहिली: दिनेके प्लाखमान, शेजारीण. यांनी माझ्यासमोर लिहिलं, आणि स्वतःच्या मनाने लिहिलं.

साक्षीदार दुसरी: माख्टेल्ट हाखेडोर्न, मुलगी. माझे वडील पूर्ण शुद्धीत आहेत. ते नेहमीच होते, म्हणून तर मला राग आहे.