प्रास्कोव्या हे नाव माझ्या हयातीतच द्यावे

मी, प्रास्कोव्या येमेल्यानोव्ना झुब्कोवा, वय वर्षे एक्क्याऐंशी, राहणार ओल्खोवो, जिल्ह्याच्या गावी नोटरीबाईंसमोर हे लिहून ठेवते. गुडघे गेले आहेत, डोके जागेवर आहे. माझ्यावर कोणी दडपण आणलेले नाही. दडपण आणू शकेल अशी बाई आता गावात उरलेली नाही.

१. राहते घर, चुलीसकट, आणि मागची बटाट्याची जमीन मुलगी रिम्मा हिला. छपराचा पत्रा बदलावा. जावयाला वर चढवू नये, मागच्या वेळी तो वरच झोपला होता.

२. पोस्टातले पैसे माझ्या अंत्यविधीला. जेवणात मनुकांचा भात आणि घावन असावेत. आर्कादी आला तर व्होडका कुलपात ठेवावी.

३. चहाचं पाणी उकळायचा समोवर ह्याच आर्कादीला. तो माझ्या ग्लाफिरा आत्याचा मुलगा. समोवर तिचाच होता. तोटी गळते, मी मुद्दामच दुरुस्त केलेली नाही. का, ते पुढे येईल.

४. संत पारास्केवाची तसबीर आणि माझा चरखा नात क्रिस्तीना हिला. माझे नाव ह्याच संतबाईवरून आहे. ग्रीकांच्या भाषेत त्याचा अर्थ शुक्रवार. बायकांची बाळंतपणं, सूत, बाजार, सगळं तिच्याकडे. शुक्रवारी कातलं तर तिच्या डोळ्यांत धूळ जाते, म्हणून मी आजही शुक्रवारी चरख्याला हात लावत नाही. क्रिस्तीनाने पाळावं असा आग्रह नाही, तिला कुठे कातता येतंय! माझ्या लहानपणी आमच्या आळीत पाच प्रास्कोव्या होत्या. शहरात कामाला गेल्या आणि सगळ्या पोलिना होऊन परतल्या, कारण तिथे ह्या नावाला गाईचं नाव म्हणून हसत. मी गेले नाही, म्हणून मी प्रास्कोव्याच राहिले.

५. आता नावाचे. नोटरीबाई म्हणाल्या, "आजी, नाव मृत्युपत्रात देता येत नाही."

मी म्हटलं, "घर देता येतं, गळका समोवर देता येतो, मग नावानेच काय घोडं मारलंय? लिहा!"

क्रिस्तीनाला नोव्हेंबरात मुलगी होणार आहे. गेल्या रविवारी माझ्या स्वयंपाकघरात ती म्हणाली, "आजी, मी तिचं नाव प्रास्कोव्या ठेवणार."

रिम्माने डाव आपटला. "डोकं फिरलंय का तुझं? एका घरात एका नावाच्या दोघी? दोघींना मिळून राखण करणारा एकच देवदूत, आणि तो धाकटीच्या मागे जातो! आईला मारायला निघालीस?"

"मग काय करू? आजी जायची वाट बघत बसू?"

त्यावर दोघी रडल्या. मला मात्र राग आला. आमच्याकडे हे सगळेच मानतात. मलाही माझ्या जिवंत आजीचं नाव दिलं होतं. माझ्या बाप्तिस्म्याच्या आठवड्यातच ती गेली. भर थंडीत सरपण आणायला गेली आणि छातीत कफ साठून गेली, हे अख्ख्या गावाला ठाऊक होतं. तरी ग्लाफिरा आत्या मला जन्मभर पांढऱ्या पायाची म्हणाली. "आजीला गिळून आलीस," हे तिने माझ्या लग्नातही ऐकवलं. लहानपणी मी आजीच्या थडग्यापाशी जाऊन माफी मागायचे. फार एकटं वाटायचं.

म्हणून लिहून देते की, बाळाला प्रास्कोव्या हे नाव आताच द्यावे, माझ्या मरणाची वाट पाहू नये. त्यानंतर मी दुसऱ्या दिवशी मेले, किंवा बाप्तिस्मा चालू असताना चर्चमध्येच मेले, तरी मी म्हातारपणाने मेले असे समजावे. पोरीचा त्यात काहीही दोष नाही. कोणी तिला तसे बोललेच, तर हा कागद मोठ्याने वाचून दाखवावा.

हे सर्व रिम्मासमोर वाचले. ती रडली, हरकत घेतली नाही.

साक्षीदार: झिनाइदा पाव्लोव्ना रोगोवा, शेजारीण
वेनियामिन सिदोरोविच ग्लुश्कोव, निवृत्त सुतार

ओल्खोवो, १९ ऑक्टोबर २०१६

(सही) प्रास्कोव्या झुब्कोवा, थोरली