ताईंची दाढ

ता. ३, सोमवार
आज सुखाने पाठ टेकली. दोन वर्षं भूमिगत असलेली माझी पोरगी अखेर भेटली आणि तिनेच मला या घरी आणलं. इथे चौघं राहतात, सगळी सरकारविरुद्धची, पोलीस मागावर असलेली. मी त्यांचा स्वयंपाक करायचा. नळाला पाणी आहे, ओटा मोठा आहे, सुरीला मात्र धार नाही. कुणाला नाव विचारायचं नाही, शेजारणींशी बोलायचं नाही. तोंड खाजलं तर यात लिही म्हणून पोरीने वही दिली. मी चौथी पास, पण लिहीन. महिन्याभरात हिला घरी नेते की नाही बघा.

ता. ५
यांची पुढारी ताई. पोलिसांना हवी ती हीच. शिकलेली, चष्मेवाली, पण उंची आणि बांधा माझाच. मी वाढायला बसते तर माझ्याच ताटात जास्त पडतं. अंगावर अजून दोन किलो हवेत म्हणे. कशाला हवेत विचारलं, तर पोरगी म्हणाली, आई, मुकाट्याने खा.

ता. ९
कंपाउंडर यांच्यातलाच. त्याने माझी दाढ उपटली. किडली म्हणाला. मी म्हटलं, मेल्या, या दाढेने मी हाडं फोडते. पोरीने डोकं धरलं तेव्हा गप्प बसले. संध्याकाळी ताई हसली. तिचीही तीच दाढ नाही.

ता. १२
हातावर तापलं उलथनं टेकलं. चुकून, म्हणे. ताईचा डाग जिथे आहे, बरोबर तिथेच चुकून. पोरगी फुंकर घालत होती आणि पट्टीने मापत होती.

ता. १४
ताई सीमेपलीकडे गेली. तिचा चष्मा माझ्या डोळ्यांवर, सगळं धूसर. आता सगळे मलाच ताई म्हणतात. पोरगीही. म्हटलं, आई म्हण. म्हणाली, ताई मेल्याचं पोलिसांना पटलं तर हजार माणसं वाचतील. आणि मी? तिने माझ्या नाकावरचा चष्मा नीट बसवला.

ता. १५
भरदुपारी दाराला बाहेरून कडी. पलीकडे पोरीची तालीम चाललीय. ती पोलिसांपुढे हजर होणार, प्रेत ओळखणार.
“ह्या ताईच. दाढ बघा, हात बघा.”
कंपाउंडर सांगतो, इतकं रडू नकोस, तुझी काही आई मेलेली नाही. परत पहिल्यापासून.
आता रडत नाही. जमलं तिला—

तीच तारीख
कडी निघाली. पोरगी, हातात ताईचे कपडे. वहीही दे म्हणते, जाळायची. ताईचं अक्षर असलं नव्हतं, म्हणे. म्हटलं, थांब, एवढंच लिहिते. माझं नाव—