गाठ मारणारा कावळा

ओकुमिझु, २ एप्रिल

चि. मित्सुए हिस,
दादाचे अनेक आशीर्वाद. देवळातला माणूस असल्यामुळे ते माझ्याकडे घाऊक असतात, संकोच करू नकोस.

वसंतातला पितरांचा आठवडा पार पडला. एकशेचाळीस घरची माणसं समाध्यांवर येऊन गेली आणि प्रत्येक घरासाठी मी गुडघ्यांवर बसलो. तुझी वहिनी हिसानो म्हणते, मंत्र म्हणताना मी जेवढा डोलतो त्याहून जास्त मंत्र संपल्यावर उठताना डोलतो.

यंदाची बातमी म्हणजे आमच्या आवारात एक विद्वान कावळा आला आहे. लोक समाध्यांवर पुरणगोळे, संत्री, पाकिटातले केक ठेवून जातात, हे तुला ठाऊकच आहे. एरवीचे कावळे त्याची काय दशा करतात तेही ठाऊक आहे. पण हा अजून कोणाच्या नजरेस पडलेला नाही, खुणांवरून सांगतो: प्रत्येक समाधीवरून एकेकच वस्तू घेतो. संत्र्याची सालं पालापाचोळ्याच्या खड्ड्यात टाकतो. केकचा कागद उभा दुमडून त्याची गाठ मारतो आणि वाऱ्याने उडू नये म्हणून दगडाखाली ठेवतो! क्योतोला चार वर्षं संस्कृत घोकलं तेव्हा वाचलं होतं की भारतात पितरांच्या नावाने कावळ्याला भात ठेवतात आणि तो शिवेपर्यंत घरचे हात जोडून ताटकळतात. आमचा न बोलावता येतो आणि जाताना आवरून जातो.

कुराता साहेबांना मात्र यात गंमत वाटत नाही. बँकेतून निवृत्त झाल्यापासून ते भक्तमंडळाचे अध्यक्ष आहेत, म्हणजे आता आम्ही त्यांची शाखा. अन्न उघड्यावर नको, वाहिलेलं ज्याने त्याने घरी न्यावं, अशी पाटी लावा म्हणतात. घरजावई म्हणून या देवळात येऊन तीस वर्षं झाली तरी अध्यक्षांपुढे माझी मान आपोआप हलते. शिवाय कुंचला हाती घ्यायला मला निमित्तच हवं असतं.

आपली ताई रोजच्यासारखी सकाळी समाध्या झाडायला येते. पाटीचं सांगितलं तर झाडूवर हनुवटी टेकवून म्हणाली, “तो पसारा करत नाही ना? मग राहू दे की, शुन. एकदोन गोळ्यांनी पितर काही उपाशी राहत नाहीत.” लहानपणी भटक्या मांजरांची वकिली करायची तशीच. न्याहारीला आत चल म्हटलं, तर जेवूनच आलेय म्हणाली. ताई नेहमी जेवूनच आलेली असते.

लोभ आहेच. पत्राला उत्तर आलं तर वाढेल.
तुझा दादा, र्योशुन

*

योकोहामा, २० एप्रिल

ती. दादास,
धाकटीचा साष्टांग नमस्कार, म्हणजे मानेपुरता. पाठ धरली आहे.

तुमचं पत्र मी ग्रंथालयात मोठ्याने वाचलं आणि दोघी मैत्रिणींनी तो कावळा मागितला. त्यांच्या घरी कागद जागेवर ठेवणारं कोणी नाही. पण उपाध्येबुवा, तुमच्या एवढ्या विद्वत्तेत एक गोष्ट कशी लक्षात आली नाही? गोळीचा कागद उभा दुमडून गाठ मारणं कोणाचं? आपल्या आईचं! गाठ मारल्याशिवाय ती कचऱ्याच्या डब्याला हात लावू द्यायची नाही. माझी खात्री झाली, आईच आली आहे. तुमची पाटी ती वाचेल आणि अक्षराला नावं ठेवेल.

ताईशी परवा फोनवर बोलले. आई गेल्यापासून त्या घरात एकटी राहते, म्हणून मी दर वेळी काय जेवलीस ते विचारते. तिने भाजलेला मासा, बांबूच्या कोंबांची रसभाजी, वर तीळ लावलेला पालक असं सगळं इतक्या चवीने सांगितलं की मीच भुकेजून गेले. नव्या वर्षाच्या फोटोत तिचा चेहरा चांगला भरलेला दिसतो. या वयात बाळसं धरतेय बाई.

उन्हाळ्यात द्यायची भेट म्हणून तिला शिझुओकाचं खरबूज पाठवणार आहे, पेटीतलं, फीत बांधलेलं. तुम्हाला मोजे. भेदभाव उघड आहे, राग मानू नये.

वहिनींना नमस्कार. ममता असू द्यावी.
मित्सुए

*

ओकुमिझु, २८ जुलै

चि. मित्सुए हिस,
मोजे पोचले, आशीर्वाद पायापासून सुरू करतो.

पाटी दहा मेला लागली. “वाहिलेले अन्न कृपया परत घरी न्यावे. कावळ्यांचा उपद्रव होतो.” अक्षर असं उतरलं की कुराता साहेबांनी फोटो काढून नगरपालिकेला धाडला. लोक फार शिस्तीचे. हात जोडतात, गोळा पितरांना दाखवतात आणि पुन्हा डब्यात भरतात. पितरांना आता नुसतं दर्शन. विद्वान कावळ्याच्या खुणा महिन्याभरात दिसेनाशा झाल्या. मला खरं तर थोडी चुटपुट लागली.

तुझं खरबूज आम्ही खाल्लं. ताईने फीतसुद्धा न सोडता पेटी इथे आणून दिली. एकटीला कसं संपणार, शिवाय एवढ्या मोठ्या भेटीची परतफेड काय करू, म्हणाली. तीन दिवस पुरलं. तेव्हा आभार या तोंडाचे घे.

ताई खरंच जाड झाली आहे. चेहरा गोल आणि पाय एवढे भरलेत की बूट चढत नाहीत, आईच्या जुन्या गवती चपला घालून येते. झाडताना मध्येमध्ये दगडावर बसते. उन्हाळ्यामुळे असेल म्हणते. मी तिला सल्ला दिला की लोणची आणि खारे मासे जरा कमी कर, मिठाने सूज येते. तिने शहाण्या मुलीसारखी मान हलवली आणि म्हणाली, “बरं, कमी खाईन.”

ऑगस्टमध्ये पितर घरी येतील तेव्हा नेहमीप्रमाणे प्रेतात्म्यांना अन्नदान करण्याचा विधी आहे. वांगं आणि काकडी बारीक चिरायचं काम ताईकडेच. तिच्याइतके सारखे तुकडे कोणाला जमत नाहीत.

उन्हात हिंडू नकोस.
दादा

*

ओकुमिझु, २० ऑगस्ट

चि. मित्सुए हिस आशीर्वाद.

फोनवर मला दोनच वाक्यं बोलता आली. तू निघायच्या आत बाकीचं लिहितो. समोर बसून मला सांगता येणार नाही.

सोळा तारखेला विधी होता. ज्यांना कोणी जेवू घालत नाही अशा मेलेल्यांचा. ग्रंथांत त्यांचं वर्णन आहे: पोट हंड्याएवढं आणि गळा सुईच्या नेढ्याएवढा. त्यांचा गळा मोकळा व्हावा म्हणून मी संस्कृत मंत्र म्हणतो आणि कमळाच्या पानावरचं अन्न, म्हणजे धुतलेले तांदूळ आणि त्यात चिरलेलं वांगं-काकडी, बाहेर बागेत नेऊन ठेवायचं असतं. ते ताई नेते. तिने पान उचललं, चार पावलं टाकली आणि ती पडली. तांदूळ सगळ्या सभामंडपात पसरले. पडल्यापडल्या ती तुकडे वेचू लागली. पसारा सहन होत नाही तिला, असं मला वाटलं. मी मंत्र तोडला नाही. कुराता साहेब पुढे बसले होते.

दवाखान्यात हिसानोने सांगितलं की ताई तुकडे वेचून पानावर ठेवत नव्हती. तोंडात घालत होती.

डॉक्टर आपल्या मुलींच्या वयाची. म्हणाली, हा बेरीबेरी आहे, शिकताना पुस्तकात वाचला होता. पायांची सूज त्याचीच. चेहऱ्याची गोलाई त्याचीच. मग तिने मुख्य निदान सांगितलं: कुपोषण. मी म्हटलं, माझी बहीण या गावात राहते, इथे गल्लीगल्लीत दुकानं आहेत. ती म्हणाली, या वर्षातल्या या तिसऱ्या. काय जेवतात त्या, असं विचारलं तेव्हा मी मोठ्या आत्मविश्वासाने मासा, बांबूचे कोंब, पालक अशी यादी दिली. तिने लिहून घेतलं आणि मान वर न करता विचारलं, “तुम्ही पाहिलंय?”

मित्सुए, मी पाहिलेलं नाही. तीनशे पावलांवर घर आहे.

हिसानो कपडे आणायला गेली तेव्हा तिथला फ्रीज बंद होता, कपाटासारखा वापरात. आत मीठ, पाऊण पाकीट पांढऱ्या शेवया आणि एक कांदा. केराच्या डब्यात केकचा एकच कागद होता, उभा दुमडून गाठ मारलेला. हिसानोने तो माझ्या हातावर ठेवला.

मी एप्रिलमधलं माझंच पत्र आठवून पाहिलं. केवढं हसलो होतो आपण. मग मे महिन्यात मी अक्षर काढून पाटी लावली. ती रोज त्या पाटीखाली झाडत होती. आणि जुलैत मी तिला म्हटलं, कमी खा.

देवळाच्या पायरीशी दूरदेशीच्या उपाशी मुलांसाठी पेटी आहे. तिच्यात ताई दर नव्या वर्षाला नाणं टाकते.

ये. गाडीच्या वेळेला स्टेशनवर असेन.
दादा

*

योकोहामा, ६ सप्टेंबर

ती. दादास,
शि. सा. न.

आठ दिवस तिथे होते, पण दोन गोष्टी मला तोंडाने सांगता आल्या नाहीत. लिहिते.

ताईच्या फोनजवळ भिंतीला बाजारातल्या दुकानाची जाहिरातपत्रकं टाचलेली आहेत, दर आठवड्याचं नवं. खाली गृहिणींसाठी आजचा बेत छापलेला असतो. एप्रिलच्या पत्रकावर भाजलेला मासा, बांबूच्या कोंबांची रसभाजी, तीळ लावलेला पालक. माझा फोन आला की ती तिथे उभी राहून मला वाचून दाखवायची, दादा. आणि मी म्हणायचे, चैन आहे बाई तुझी.

दुसरी गोष्ट. कपाटात नगरपालिकेच्या मदतीचा अर्ज सापडला. अंथरुणाला खिळलेल्या आईचं करण्यात बारा वर्षं गेली, नोकरी सुटली, आणि त्यामुळे तिचं निवृत्तिवेतन एवढंसं येतं, ते सगळं तिने सुबक अक्षरात मांडलंय. भावंडांच्या रकान्यात तुमचं नाव लिहून खोडलंय. पुन्हा लिहून पुन्हा खोडलंय. कागद तिथे पातळ झालाय.

मी कचेरीत गेले. कारकुनाला ती आठवत होती. फेब्रुवारीत आली होती. भावंडांना पत्र गेल्याशिवाय काम होईल का, विचारत होती. त्याने सांगितलं, बहुतेक जातंच, सांभाळणं शक्य आहे का असं विचारावं लागतं. त्यावर ती म्हणाली, “माझा भाऊ देवळाचा उपाध्याय आहे. त्याच्या दारात असलं पत्र नको.” आभार मानून निघून गेली.

मला वाटलं होतं की आपल्यापासून तिने भूक लपवली. तिने तुमची अब्रू जपली. माझं नाव तर रकान्यात तिने लिहिलंसुद्धा नव्हतं, मी नवऱ्याच्या घरची.

आता ती हट्ट धरून बसली आहे की दवाखान्यातून सुटले की घरी जाईन, भागवीन. भागवणं म्हणजे काय ते आपल्याला कळलंय. पुन्हा तसंच झालं तर डॉक्टर म्हणते हृदय सोसणार नाही. तुम्ही तिच्याशी बोला. कुंचला नको, तोंड वापरा.

रागावले आहे. तुमच्यावर आणि त्याहून माझ्यावर. तरी माया पातळ होऊ देऊ नका.
मित्सुए

*

ओकुमिझु, २५ सप्टेंबर

चि. मित्सुए हिस,
आशीर्वाद द्यायला यंदा जीभ उचलत नाही. तरी घे.

तुझं पत्र खिशात ठेवून दवाखान्यात गेलो. आधी म्हटलं, देवळात राहायला ये. ताई म्हणाली, “घरजावयाच्या घरी बहिणीने बिऱ्हाड करायचं? कुराता उद्या ठराव करतील.” हिसानो तिच्यावर पहिल्यांदा आवाज चढवून बोलली, तरी उपयोग झाला नाही. मग मी तिच्या कपाटातून आणलेला तो खोडलेला अर्ज काढला, पेन तिच्या हातात दिलं आणि म्हटलं, “माझं नाव लिही, ताई. ते पत्र माझ्या दारात आलं नाही तर मला लाज वाटेल.”

तिने पेन अर्जावर आडवं ठेवलं. मग म्हणाली, “शुन, तू कधी खोटं बोललास की तुझे कान लाल होतात.” तिने माझे कान तपासले. आणि माझं नाव लिहिलं, तुझंही.

नगरपालिकेचं पत्र सोमवारी आलं. पोस्टमन आला तेव्हा कुराता साहेब पडवीत चहा पीत होते. मी त्यांच्यासमोर फोडलं आणि मोठ्याने वाचलं: आपल्या भगिनी ताकेयो यांना अन्नवस्त्रासाठी साहाय्य करणं आपल्याला शक्य आहे काय? साहेबांनी कप खाली ठेवला. मग विचारलं, ती पाटी लावायला कोणी सांगितलं होतं. मी म्हटलं, लिहिली मी. डॉक्टर ताईला या वर्षातली तिसरी म्हणाली होती ते मी सांगितलं, तेव्हा आधीच्या दोघांची नावं आपल्या भक्तांच्या यादीत आहेत का ते पाहायला हवं, असं तेच म्हणाले. आम्ही दोघं यादी घेऊन बसलो. डॉक्टर नावं सांगणार नव्हती, म्हणून आता आम्ही एकेका घरी जातो, बसतो, जेवायची वेळ होईपर्यंत उठत नाही. निर्लज्ज पाहुणे म्हणून गावात नाव होतंय.

पत्राचं उत्तर मी दिलं. पैशांच्या रकान्यात जमेल तेवढं लिहिलं, ते फार नाही. खाली मोकळ्या जागेत लिहिलं: रोज एक जेवण, माझ्या डोळ्यांदेखत. तुझ्याकडेही तसंच पत्र पोचलं असेल, खरं तेच लिही.

मंगळवारी ताईला सोडलं. मदत मंजूर होईतो दुपारचं जेवण आमच्याकडे, झोपायला आपल्या घरी, एवढा तह झाला.

शरदातला पितरांचा आठवडा चालू आहे. मी पाटी काढली आणि लोकांना सांगितलं, यंदा गोळे, फळं, सगळं संध्याकाळपर्यंत राहू द्या. का ते कोणी विचारलं नाही. मी दुपारभर लांबून पाहत होतो, कोणी संकोचत येईल म्हणून. आले ते कावळे, खरे, चौदा-पंधरा. अर्ध्या तासात पुरणाचे ओघळ दगडांवरून खाली, साली झाडांवर, कागदाच्या चिंध्या पार तलावापर्यंत. मी झाडू घेऊन धावतोय, ते माझ्या डोक्यावरून हसतायत.

ताई पडवीत बसून जेवत होती. भात, डाळीचं सार, मासा. आता मी बघतो. माझी धावपळ तिने शांतपणे पाहिली, घास संपवला आणि म्हणाली,

“बघ, शुन. कावळे असे खातात.”

दादा