रोवणीच्या गाण्यांवरचा प्रबंध

सर, काल तुमची फाईल माझ्या टेबलावर आली. वर परीक्षा विभागाचा शेरा होता: 'उमेदवार मृत. पत्नीचा अर्ज. मा. कुलगुरूंच्या निर्णयार्थ.' आयुष्यभर दुसऱ्यांना उमेदवार म्हणणारा माणूस शेवटी स्वतः उमेदवार म्हणूनच गेला, हे वाचून मला हसू आलं. खोटं कशाला बोलू, बरंही वाटलं. बाईंचं, म्हणजे तुमच्या पत्नीचं, म्हणणं साधं आहे. तुमचा पीएच.डी.चा प्रबंध एका परीक्षकाने मान्य केला होता, दुसऱ्याने परत पाठवला, आणि दुरुस्ती करण्याआधीच तुम्ही गेलात. आता इतक्या वर्षांनी निदान मरणोत्तर तरी पदवी मिळावी, म्हणजे घरावरच्या पाटीवर तुमच्या नावाआधी 'डॉ.' लिहिता येईल. त्यासाठी माझी एक सही लागते. ती करायची की नाही हे ठरवायला मी सकाळच्या दोन बैठका पुढे ढकलल्या आहेत.

भंडाऱ्याच्या कॉलेजात मी एम.ए.ला आले तेव्हा तुम्ही मला निवडलंत ते माझ्या मार्कांसाठी नाही. मी अड्याळकडच्या धानवाल्या घरातली, मला रोवणी, म्हणजे भाताची लावणी, येत होती. तुम्हाला रोवणीची गाणी गोळा करायची होती, पण पँट-शर्टातला मास्तर शेताच्या बांधावर, धुऱ्यावर दिसला की बाया गप्प व्हायच्या. टेपरेकॉर्डर काढला तर पदर तोंडात धरून हसायच्या. मग तुम्ही युक्ती काढलीत. मला लुगडं खोचून त्यांच्यासोबत बांधीत, म्हणजे चिखलाच्या भातखाचरात, उतरवायचं आणि स्वतः पळसाखाली छत्री घेऊन बसायचं. मी पऱ्ह्यांची रोपं रोवत, मागे मागे सरकत, गाणं ऐकत तुमच्या बाजूच्या धुऱ्याशी यायची, चिखलाच्या हातांनी तुमच्यासमोर उभी राहायची आणि डोक्यात साठवलेल्या ओळी सांगायची. तुम्ही लिहायचात. करडीला, बपेऱ्याला, आणखी कुठं कुठं, दोन पावसाळे आपण हेच केलं. मी कमरेत मोडत होते आणि तुमच्या वह्या भरत होत्या.

बपेऱ्याचा तो दिवस तुम्हाला आठवत असेल. धुऱ्यावर चढताना माझा पाय सटकला आणि मी तोंडावर आपटले. ओठ फुटला. बायांपैकी एक जण धावत आली, "पोरी, लागलं काय वो तुले?" तुम्ही पळसाखालून न उठता विचारलंत, "पुढची ओळ काय होती?" मी ती ओळ विसरले होते. ओठातलं रक्त पुसत मी मनानेच एक जोडून दिली: 'चिखलात पाय बाई, बगळ्यावर डोळा, माहेराच्या वाटंवर सावल्यांचा मेळा.' तुम्ही ती लिहिलीत, पुन्हा वाचलीत आणि म्हणालात, "वा! हे शिकलेल्या माणसाला सुचणं शक्य नाही." त्यानंतर जिथे जिथे मी विसरले तिथे तिथे जोडत गेले. घाबरून जोडलं हे खरं, आणि मला त्याची गोडी लागली हेही खरं. माझी ओळ आली की तुमचे डोळे चमकायचे, बायांची खरी ओळ आली की तुम्ही नुसते लिहून घ्यायचात.

दिवस संपला की तुमच्या घरी मागच्या दाराने यायचं, कारण पाय चिखलाचे. बाई न्हाणीत गरम पाणी ठेवायच्या. एकदा त्यांनी स्वतःचं नवं लुगडं काढून मला दिलं आणि चुलीपुढे बसवून भात-वरण वाढलं. तुम्ही पुढच्या खोलीत नागपूरहून आलेल्या दोन प्राध्यापकांना गाणी वाचून दाखवत होतात. मी चहा घेऊन आले तेव्हा त्यांनी विचारलं, ही कोण? तुम्ही म्हणालात, "ही आमची रोवणारी." तिघंही हसलात. पुढे तुमचा लेख छापून आला, त्यात गावांची नावं होती, पळसाचं झाडसुद्धा होतं, मी नव्हते. ते मी गिळलं असतं. पण एम.ए. झाल्यावर मी माझ्या कवितांची वही तुमच्यापुढे ठेवली आणि मलाही पीएच.डी. करायची आहे म्हणाले, तेव्हा तुम्ही चार पानं चाळलीत आणि वही परत सरकवलीत. "तुला कान आहे, प्रतिभा नाही. बी.एड. कर. शाळेत नोकरी लागेल." बगळ्याच्या ओळीवर तुम्ही कॉलेजात तासभर व्याख्यान दिलंत त्याला तेव्हा आठवडाही झाला नव्हता. मी हे तुम्हाला सांगू शकले असते. सांगितलं नाही, ठेवून दिलं.

मी दुसऱ्या शहरात गेले, दुसरा मार्गदर्शक गाठला, पीएच.डी. झाले, प्राध्यापक झाले, विभागप्रमुख, अधिष्ठाता, आणि आता ही खुर्ची. साहित्याची विद्यार्थिनी कुलगुरू झाली म्हणून सत्कारांत फार कौतुक होतं. प्रत्यक्षात मी वसतिगृहाच्या गटाराच्या निविदा वाचते, पुढे गेलेल्या परीक्षांचे खुलासे देते आणि घोषणा देत आलेल्या पोरांकडून हसऱ्या चेहऱ्याने निवेदनं घेते. कविता बी.एड. न करताच सुटली.

तुम्ही मात्र निवृत्तीनंतर हट्टाने तोच विषय घेऊन नाव नोंदवलंत. तुमचा प्रबंध परीक्षणासाठी बंद पाकिटातून माझ्याकडे आला तेव्हा मी विभागप्रमुख होते. तुमचा परीक्षक कोण हे तुम्हाला कळणार नव्हतं आणि मी नाही म्हणू शकत होते. म्हटलं नाही. दिवाणखान्यात पंखा लावून, पाय वर घेऊन मी तो वाचला. ऋणनिर्देशात प्राचार्य होते, टंकलेखक होता. मग मी अहवाल लिहिला: संकलनाची पद्धत अविश्वसनीय, पुढील गाणी पारंपरिक नसून कोणा शिकलेल्या व्यक्तीने रचलेली दिसतात. त्यांची यादी दिली. बगळ्याचं गाणं सर्वांत वर घातलं. त्या दिवशी मी जेवले भरपूर आणि झोपले गाढ.

मागच्या महिन्यात बाई स्वतः आल्या. शिपायाने बाहेर तासभर बसवलं, म्हणजे मीच बसवायला सांगितलं होतं. आत आल्यावर खुर्चीच्या कडेवर बसल्या. "पोरी, तू तं सारं जाणतं. तू त्यायच्यासंगं बांधीत होती. त्यायनं काही खोटं केलं का?"

मी म्हणाले, "सरांची मेहनत मी पाहिली आहे."

"तो परीक्षकाचा कागद आला न, तं दोनदा वाचला. मंग मले म्हणे, हा परीक्षक बांधीत उतरलेला हाये. मी म्हटलं, मंग भेटा न जाऊन त्याले. तं म्हणे, कोण्या तोंडानं भेटू? अन् वह्या बांधून माळ्यावर टाकल्या. मंग दिवाळीपर्यंत बी नाही राह्यले."

"आणखी काही बोलले?"

"नाही. काहून, तुले माहीत हाये का तो कोण व्हय?"

मी नाही म्हणाले आणि त्यांच्यासाठी चहा मागवला. म्हणजे तुम्हाला कळलं होतं, सर. माझी अपेक्षा होती की तुम्ही चिडाल, तक्रार कराल, निदान एक फोन करून मला शिव्या द्याल. त्या फोनवर काय बोलायचं हे मी कितीदा घोकून ठेवलं होतं. तुम्ही लाजून मेलात आणि माझी सगळी वाक्यं वाया गेली, याचा राग मला अजून आहे.

आज दुपारी मी फाईलवर लिहिलं, 'नियमात तरतूद नाही. अर्ज अमान्य.' तरतूद आहे. मीच मागच्या वर्षी एका गेलेल्या मुलाची तशी पदवी त्याच्या आईच्या हाती दिली, फोटोही काढला. पण तुमची पदवी द्यायची तर दोन्ही अहवाल विद्वत परिषदेपुढे वाचावे लागतात, आणि दुसऱ्याखाली माझं नाव आहे. बाईंना कळवणारं पत्र टाइप होऊन आलं, त्यावर सहीही झाली. ते उद्याच्या टपालाने जाईल. तुम्हाला लिहिलेलं हे पत्र जाणार नाही, ते मी पर्समध्ये घालून घरी नेते आहे.

जाताना एवढं कबूल करते. अहवालात मी सात गाणी खोटी म्हणून दाखवली. त्यांतली चारच माझी होती. उरलेली तीन त्या बायांचीच होती, ऐकली तशीच मी तुम्हाला सांगितली होती. चारांवर प्रबंध पडला नसता.