दोर धरणारा

१२ जाने., सोमवार. हिर्डोशी.
फाइट मास्तरांनी आज सर्वांसमोर सांगितलं : शुक्रवारची कड्यावरची उडी माझी, आणि या वेळी चेहराही माझाच. खलनायकाचा उजवा हात. इतकी वर्षं दुसऱ्यांचे कपडे घालून पाठमोरा पडलो. आता पडद्यावर नाव येईल. नाही जमलं तर मुंबईहून दुसरा येणार.
जेवण गेलं नाही. दोरावर कोण, हे विचारायचं राहिलं.

१३ जाने.
विचारलं. नवी माणसं आहेत, इथलीच. पण उडी मारणाऱ्याने दोरावरचा माणूस स्वतः मागायचा, अशी रीत आहे. माझा एकच, दत्ता. लग्न झाल्यापासून काम सोडून कापूरहोळला पंक्चर काढतो. फोन उचलत नाही.
पट्टे तपासले. पुन्हा तपासले.

१४ जाने., संक्रांत
एसटी उशिरा. दत्ता ट्रकचं चाक खोलत होता. वहिनींनी तिळगूळ दिला, म्हणाल्या, भावजी, आता उड्या सोडा नि लगीन करा. त्या आत गेल्यावर विचारलं, दोरावर येशील का. त्याने चाकाचा पुढचा नट सैल केला.
"न्हाई येनार. तुला धरताना हात कापायचं माझं."
मला कधी कळलं नाही, म्हणालो.
"कळलं आसतं तर उडी मारली आसतीस व्हय?"
परतताना शेवटची गाडी चुकली. टेम्पोत मागे बसून आलो. थंडी फार.

१५ जाने.
आईचा फोन. वेल्ह्याकडे आमच्या वाडीवर रेंज नाही, शेळ्या घेऊन माथ्यावर आली की करते. उडीचं बोललो नाही. चेहरा दिसणार, एवढंच.
"म्हंजी औंदा तरी मरत न्हाईस न्हवं?"
मरतो, पण अगदी शेवटी.
"मंग तवर बघीन."
संध्याकाळी कमी उंचीवरून सराव. दोरावर भोंगवलीचे बाळूदादा, पन्नाशीचे, फारसं बोलत नाहीत. अलगद उतरवलं. त्यांच्या हातांकडे बघायचं नाही असं ठरवलं होतं. बघितलं. थरथरत होते. मास्तरांना सांगावं तर त्यांचं काम जाईल. न सांगावं तर

१६ जाने., शुक्रवार
धुक्यामुळे सगळं थांबलंय. टेम्पोत बसून लिहितो आहे. नारळ फुटला. मास्तरांनी विचारलं, दोरावर बाळू चालेल ना? सांगतो म्हणालो. दोरावर मागावा असा इथे दुसरा ओळखीचा कुणी नाही.
बाळूदादांना बाजूला नेलं. हात कापतात का तुमचे, असं सरळच विचारलं. राग येईल वाटलं होतं. त्यांनी दोन्ही तळवे माझ्यापुढे धरले.
"कापत्यात. सोडत न्हाईत."
मग बिडी पेटवायला गेले.
धुकं विरळ होतंय. समोरचा कडा अर्धा दिसू लागला. मास्तर हाक मारत आहेत. मी अजून हो म्हटलेलं नाही.