प्लास्टरची चूल

बाबेल्सबर्ग, फेब्रुवारी १९२८

लाडक्या आईस,

मी अगदी ठणठणीत आहे. नव्या सिनेमाच्या सेटसाठी मी आपलंच स्वयंपाकघर उभारलंय, लाकडाचं आणि प्लास्टरचं. भिंतींना कॉफीचं पाणी फासून जुनेपणाही आणला. शेजारच्या सेटवरचा सुतार एगॉन तर खरी समजून चुलीवर ओले मोजे वाळत घालून गेला! संध्याकाळी मोजे ओलेच बघून म्हणतो, "काय साहेब, माणसं फसवता होय!"

तुझी चूल पेटते ना? कोळसा वाचवत बसू नकोस. खोकला कसा आहे?

कॅमेऱ्यासाठी एक भिंत न बांधता सोडावी लागते. मी तुझ्या खुर्चीमागची सोडली. आता तुझ्या जागेवरून कॅमेरा सगळ्यांवर नजर ठेवतो.

शनिवारी सेट पाडतील. रविवारी घरी येतोय. चूल पेटती ठेव. माझेही मोजे ओलेच आहेत.

तुझाच,
फोल्कमार